पुकारा झाला, कुणीच नव्हतं, दावा खारीज. आता काय?

पत्राचा सारांश: लिहिणाऱ्या ताई ५६ वर्षांच्या, नागपूरला मानेवाडा भागात राहतात. २०१७मध्ये बेसा भागाकडच्या एका लेआउटमधला प्लॉट त्यांनी इसारपत्र करून घेतला आणि निम्म्याहून जास्त रक्कम दिली. ऑगस्ट २०१९मध्ये मालकानं विक्रीपत्र करून द्यायला नकार दिला. त्याच नोव्हेंबरात ताईंनी करारपूर्तीचा दावा टाकला आणि प्लॉट तिसऱ्याला विकू नये असा तात्पुरता मनाई हुकूमही मिळाला. दावा त्यांच्या पुराव्यापर्यंत आला होता. यंदा, म्हणजे २०२५मध्ये, २७ फेब्रुवारी ते ११ मार्च त्यांचे यजमान दवाखान्यात भरती होते, तेव्हापासून आठवड्यातून दोनदा डायलिसिस सुरू आहे. ४ मार्चच्या पेशीला ताई गेल्या नाहीत, वकीलही पोहोचले नाहीत, आणि दावा गैरहजेरीत खारीज झाला. २२ मार्चला त्यांनी वकिलांना व्हॉट्सॲपवर विचारलं, तर ‘जूनमध्ये तारीख आहे’ असं उत्तर आलं. जूनमध्ये विचारलं, तर ‘सुट्ट्यांमुळे पुढे गेली’. २६ जुलैला भाच्यानं मोबाइलवर पाहिलं तेव्हा खरं कळलं. वकील यजमानांचे वीस वर्षांचे मित्र. ते आता म्हणतात, ‘घाबरू नका, नवीन दावा टाकू. नाहीतर तुमच्या नावानं चार महिन्यांचं डॉक्टरचं सर्टिफिकेट लावू.’ दीर म्हणतात अपील करा, मुलगा म्हणतो सोडून दे. ताई विचारतात, ‘मी हरले का? कुणाचं ऐकू? आणि वकिलांवर ठपका ठेवला तर दरवर्षी ज्यांच्याकडे महालक्ष्मीचं जेवायला जातो, त्यांना तोंड कसं दाखवू?’

ताई,

पत्रात ‘हरले’ हा शब्द तीनदा आला आहे. तो आधी बाजूला ठेवा. तुमचं इसारपत्र खरं की खोटं, पैसे दिले की नाही, याबद्दल कोर्टानं एक अक्षर लिहिलेलं नाही. पुकारा झाला, तुमच्या बाजूनं कुणी उभं राहिलं नाही आणि दप्तर बंद झालं. या हुकुमाला कायदा डिक्री, म्हणजे वादाचा निवाडा करणारा हुकूमसुद्धा, म्हणत नाही. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम २(२)नं गैरहजेरीतली खारिजी डिक्रीच्या व्याख्येबाहेर ठेवली आहे. म्हणून दिरांनी सुचवलेलं अपील इथं लागत नाही. केलंत तर काही महिन्यांनी परत इथंच यावं लागेल आणि त्या महिन्यांचा हिशेबही द्यावा लागेल.

पण पत्रात याच्या उलट टोकाचा एक समजही दिसतो: ‘आमची बाजू खरी आहे, कोर्ट समजून घेईल.’ दावा परत फायलीवर घेण्याच्या अर्जात, म्हणजे ज्याला सगळे रिस्टोरेशनचा अर्ज म्हणतात त्यात, तुमची बाजू खरी आहे का हा प्रश्नच नसतो. दोनच गोष्टी विचारल्या जातात. ४ मार्चला का नव्हता? आणि त्यानंतर आजपर्यंत काय करत होता? अर्जाची पहिली चार पानं इसारपत्र आणि मालकाची लबाडी सांगण्यात खर्ची घातली, तर न्यायाधीशांना हवं ते पाचव्या पानावर सापडेल, सापडलं तर.

सर्वांत आधी ४ मार्चचा रोजनामा मिळवा. भाच्याला सांगा, ई-कोर्ट्सच्या ॲपमध्ये दाव्याचा १६ अक्षरी ओळख क्रमांक, म्हणजे सीएनआर, टाकून दावा उघडायचा आणि तारखांच्या यादीत ४ मार्चवर बोट ठेवायचं. त्या दिवशीच्या कामकाजाची नोंद बहुतेक वेळा तिथंच उघडते. ती साधारण अशी असते: ‘पुकारा केला. वादी व वादीचे वकील गैरहजर. प्रतिवादीचे वकील हजर. सायंकाळी ५ वाजेपर्यंत कोणीही हजर नाही. सबब दावा गैरहजेरीत खारीज.’ यातल्या तिसऱ्या वाक्यावर तुमचा रस्ता ठरतो.

प्रतिवादी किंवा त्याचे वकील हजर होते असं लिहिलं असेल, तर खारिजी त्याच संहितेच्या आदेश ९ नियम ८खालची. मग अर्ज नियम ९खाली करायचा आणि त्याच कारणावरचा नवा दावा कायद्यानं बंद. दोन्ही बाजू गैरहजर असतील तर खारिजी नियम ३खालची. तेव्हा नियम ४ दोन दारं उघडी ठेवतो: मुदत शिल्लक असेल तर नवा दावा, किंवा जुना परत घेण्याचा अर्ज. आणखी एक फरक आहे. नियम ९चा अर्ज फेटाळला गेला तर आदेश ४३ नियम १(सी)खाली अपील करता येतं. नियम ४चा फेटाळला गेला तर अपील नाही, उच्च न्यायालयात पुनरीक्षण किंवा रिट एवढीच वाट. नोंद न वाचता अर्जावर अंदाजानं कलम टाकणारे पुष्कळ. चुकीचं कलम लिहिलं म्हणून सहसा अर्ज मरत नाही, पण समोरच्याला एक तारीख फुकट मिळते.

हुकुमात ‘पुराव्याअभावी खारीज’ असे शब्द असतील तर थांबा आणि पूर्ण हुकूम वकिलाला वाचायला द्या. पुरावा न दिल्यामुळे दावा गुणदोषांवर निकाली काढण्याची तरतूद वेगळी आहे, आदेश १७ नियम ३. तसं खरोखर झालं असेल तर ती डिक्री, आणि डिक्रीवर अपील. मात्र त्याच नियमाप्रमाणे पक्षकार गैरहजर असेल तर कोर्टानं नियम २कडे, म्हणजे गैरहजेरीच्या तरतुदीकडे वळायचं असतं. नुसत्या शिक्क्यावर जाऊ नका.

आता ‘नवीन दावा टाकू’. मित्र म्हणून धीर द्यायला ते असं म्हणाले असतील, पण तुमच्या प्रकरणात हा सल्ला धोक्याचा आहे. करारपूर्तीच्या दाव्याला मुदत ३ वर्षांची, करारात ठरलेल्या तारखेपासून, आणि तशी तारीख नसेल तर नकार कळल्यापासून. नकार ऑगस्ट २०१९चा. सर्वोच्च न्यायालयानं कोविडमुळे वगळलेले १५ मार्च २०२० ते २८ फेब्रुवारी २०२२ हे दिवस बाजूला काढले, तरी मुदत २०२४मध्येच संपली. ‘जुना दावा चालू होता ते दिवस वजा होतील’ असं कुणी म्हणेल. होत नाहीत. मुदत कायद्याचं कलम १४ चुकीच्या कोर्टात किंवा अधिकारक्षेत्राच्या दोषामुळे गेलेल्या वेळेसाठी आहे, गैरहजेरीसाठी नाही. म्हणजे प्रतिवादी त्या दिवशी हजर असो वा नसो, तुमच्यासाठी नवा दावा संपलेला आहे. वर दाव्याची कोर्ट फी पुन्हा पूर्ण भरावी लागली असती. जुना दावा परत आला तर ती भरावी लागत नाही, अर्जाला किरकोळ स्टॅम्प पुरतो आणि दावा थांबला होता तिथून, म्हणजे तुमच्या पुराव्यापासून, पुढे चालतो.

(वाटणीचा दावा असलेल्या वाचकांनी हा परिच्छेद स्वतःला लावून घेऊ नये. मालमत्ता एकत्र असेपर्यंत वाटणी मागण्याचं कारण चालूच राहतं, त्यामुळे तिथं नव्या दाव्याची वाट सहसा बंद होत नाही.)

मग उरतो अर्ज. मुदत ३० दिवसांची, मुदत कायद्याच्या अनुच्छेद १२२प्रमाणे, आणि ती खारिजीच्या तारखेपासून मोजायची, तुम्हाला कळल्यापासून नाही. यात बरेच जण फसतात, कारण एकतर्फी डिक्री झालेल्या प्रतिवादीला समन्स नीट बजावलं नसेल तर कळल्यापासून ३० दिवस मिळतात. ती सवलत वादीला नाही. दावा आपणच टाकलेला, त्याची खबर आपण ठेवायची, असं कायद्याचं गणित. ४ मार्च सोडून मोजा: ३० दिवस ३ एप्रिलला संपले. अर्ज १८ ऑगस्टच्या सोमवारी दाखल झाला असं धरलं तर उशीर १३७ दिवसांचा. हा आकडा अर्जात अचूक लिहा. ‘सुमारे चार महिने’ असं लिहिलेला विलंबमाफीचा अर्ज पाहिला की समोरचे वकील आधी बोटं मोजतात.

या मुदतीतून नक्कल मिळायला लागलेले दिवस वजा होत नाहीत. कलम १२ची ती सवलत अपील, पुनरीक्षण आणि पुनर्विलोकनाला आहे, या अर्जाला नाही. निकाली दप्तर रेकॉर्ड रूमला गेलं असेल तर नक्कल यायला वेळ लागेल. तेव्हा नक्कल अर्ज आजच करा, तातडीची मागा, पण तिची वाट पाहत बसू नका. ॲपमधल्या नोंदीची प्रिंट जोडून अर्ज दाखल करा, मूळ दप्तर मागवण्याची विनंती त्यातच करा, नक्कल मागाहून यादीनं द्या. मागायच्या नकला चार: पहिल्या तारखेपासूनचा संपूर्ण रोजनामा, खारिजीचा हुकूम, दाव्याची प्रत आणि निशाणी ५वरचा, म्हणजे तात्पुरत्या मनाईचा हुकूम.

अर्जाच्या मजकुरावर जरा थांबू, कारण चुका इथंच होतात. तुमच्या दाव्यात ४ मार्चला एक नव्हे, दोन माणसं गैरहजर होती. तुम्ही आणि तुमचे वकील. तुमच्या जागी वकील उभे राहिले असते आणि तारीख मागितली असती, तर कदाचित खर्च भरून निभावलं असतं. म्हणून नुसतं ‘पती दवाखान्यात होते’ लिहिलं की समोरून लगेच येतं: ‘ठीक आहे, बाई येऊ शकल्या नाहीत. वकिलांना काय झालं होतं?’ आणि नुसतं ‘वकील आले नाहीत’ लिहिलं की उलटा प्रश्न: ‘पुरावा तर वादीचाच होता, ती स्वतः कुठं होती?’ दोन गैरहजेऱ्यांची दोन कारणं आणि उशिराचं तिसरं, अशी तीन कारणं वेगवेगळ्या परिच्छेदांत, प्रत्येकाला आपापला कागद. फेटाळलेल्या अर्जांत बहुतेकदा यांतलं एक कारण गायब असतं.

असं लिहू नये: ‘अर्जदार ही घरगुती अडचणींमुळे व आजारपणामुळे हजर राहू शकली नाही. सदर गैरहजेरी हेतुपुरस्सर नव्हती.’ कुणाचं आजारपण, कधी, काय अडचण? हे वाक्य कुठल्याही अर्जात चिकटवता येतं आणि म्हणूनच त्याला वजन नाही.

असं लिहावं: ‘अर्जदाराचे पती दि. २७/०२/२०२५ ते ११/०३/२०२५ या काळात रुग्णालयात दाखल होते (डिस्चार्ज कार्ड, यादी अ. क्र. १). त्यांच्याजवळ राहणारे दुसरे कोणी नसल्याने दि. ०४/०३/२०२५ रोजी अर्जदार रुग्णालयातच होती. ही बाब तिने दि. ०३/०३/२०२५ रोजी आपल्या वकिलांना फोनवर कळवली होती.’ शेवटचं वाक्य खरं असेल तरच. मुलगा त्या वेळी नागपुरातच असेल तर ‘दुसरे कोणी नसल्याने’ हेही लिहू नका. तो का थांबू शकत नव्हता ते लिहा.

तुमच्या बाजूची एक गोष्ट आवर्जून सांगण्यासारखी आहे. जी. पी. श्रीवास्तव विरुद्ध आर. के. रायजादा (२०००) या निकालात सर्वोच्च न्यायालयानं म्हटलं आहे की ‘पुरेसं कारण’ पाहायचं ते ज्या तारखेला गैरहजेरी धरली त्या तारखेपुरतं. आधीच्या ढिलाईवरून मोजायचं नाही. तो निकाल एकतर्फी डिक्रीचा, पण तत्त्व इथंही सांगतात. तरी आधीच्या पेशींचा रोजनामा वाचून ठेवा. पुराव्यासाठी किती तारखा घेतल्या, कितींदा खर्च बसला, हे समोरचे वाचून दाखवणारच. करारपूर्ती मागणाऱ्यानं आपण नेहमी तयार आणि राजी होतो हे दाखवायचं असतं, तेव्हा तुमची ढिलाई ते मूळ दाव्यातही वापरतील.

सर्टिफिकेटचं सांगते. लावू नका. तुम्ही आजारी नव्हता. शपथेवरचा खोटा मजकूर हा भारतीय न्याय संहितेच्या कलम २२९खाली ७ वर्षांपर्यंत शिक्षेचा गुन्हा आहे, पण ते क्षणभर सोडा. व्यवहारातही तो वाईट सौदा आहे. उलटतपासणीत ‘चार महिने अंथरुणावर होता, मग आठवड्यातून दोनदा डायलिसिसला कोण घेऊन जात होतं?’ या एका प्रश्नावर खोटं सर्टिफिकेट पडेल आणि खरं डिस्चार्ज कार्डही सोबत घेऊन पडेल. तुमच्याकडे अस्सल कारण असताना नकली कशाला?

आता १३७ दिवस. मुदत कायद्याच्या कलम ५खाली विलंबमाफीचा वेगळा अर्ज आणि वेगळं शपथपत्र द्यायचं, मूळ अर्जासोबत एकाच दिवशी. एन. बालकृष्णन विरुद्ध एम. कृष्णमूर्ती (१९९८) या निकालाचं सार असं की उशीर किती याला महत्त्व नाही, खुलासा पटतो का याला आहे. तेव्हा काळाचे तुकडे पाडा. ११ मार्चपर्यंत दवाखाना. नंतर डायलिसिस, प्रत्येक फेरीची नोंद असलेलं कार्ड जोडा. २२ मार्चचा तुमचा मेसेज आणि ‘जूनमध्ये तारीख आहे’ हे उत्तर. उन्हाळी सुट्टी. जूनमधली चौकशी आणि तिचं उत्तर. २६ जुलैला माहिती. आणि २६ जुलै ते दाखल करण्याचा दिवस, हा तुकडा लोक विसरतात. कळल्यावर तीन आठवडे काय केलं? नक्कल अर्ज, वकील शोधणं, फाइल परत घेणं, याच्या पावत्या हेच उत्तर. यजमानांच्या डायलिसिसच्या दिवसांमुळे कोर्टात यायला आठवड्यातले दोनतीन दिवसच मिळतात, हेही लिहा. ते खरं आहे आणि न्यायाधीशही माणूसच असतो. पोळ्याच्या आत अर्ज दाखल झालाच पाहिजे असं ठरवून घ्या. इथून पुढचा प्रत्येक आठवडा तुमच्या स्वतःच्या खात्यावर पडेल, त्याला कुणाचा मेसेज आड येणार नाही.

व्हॉट्सॲपचे ते दोन मेसेज तुमच्याजवळचा सगळ्यात भारी कागद आहेत. चॅट पुसू नका, फोन बदलू नका, ‘जागा भरली’ म्हणून भाच्याला साफसफाई करू देऊ नका. स्क्रीनशॉटवर तारीख, वेळ आणि नंबर दिसला पाहिजे. सोबत भारतीय साक्ष्य अधिनियम, २०२३च्या कलम ६३चं प्रमाणपत्र लागेल, ते वकील तयार करून देतात.

इथून वकिलांच्या प्रश्नाकडे. रफीक विरुद्ध मुन्शीलाल (१९८१) या निकालावर पिढ्यान्‌पिढ्या अर्ज उभे राहिले: वकील नेमला, फी दिली, खेड्यातला माणूस घरी गेला, वकिलाच्या चुकीची शिक्षा त्याला का? पण ते आता पूर्वीइतकं सहज चालत नाही. रजनीश कुमार विरुद्ध वेद प्रकाश (२०२४)मध्ये सर्वोच्च न्यायालयानं स्पष्ट म्हटलं की नुसतं वकिलावर खापर फोडून उशीर माफ होत नाही, पक्षकारानंही जागं राहायला हवं. तुम्ही विचारलं होतं, दोनदा विचारलं होतं आणि लेखी उत्तर मिळालं होतं. म्हणून तुमचं प्रकरण पहिल्या निकालाच्या जवळ जातं. ‘वकिलांनी फसवलं’ असं एकही विशेषण वापरायची गरज नाही. मेसेज जोडा आणि तारखा लिहा, बस.

ठपका ठेवायचा की नाही, या तुमच्या कोड्यात एक गृहीत लपलं आहे: की खरं सांगणं म्हणजे भांडण. तुमच्या वकिलांची ४ मार्चची डायरीतली नोंद चुकली असेल किंवा ते दुसऱ्या कोर्टात अडकले असतील, आणि ते त्यांनी स्वतःच्या शपथपत्रावर लिहून दिलं, तर त्याहून मोठी मदत नाही. वीस वर्षांचा मित्र असेल तर हे मागायला हक्कही आहे. त्यांना सांगा, ‘भाऊ, सर्टिफिकेट नको, तुमचं शपथपत्र द्या.’ दुसऱ्या कोर्टात असतील तर तिथल्या त्या दिवशीच्या रोजनाम्यात त्यांची हजेरी असेलच, तीही जोडता येईल. पण जो वकील या अर्जात साक्षीदार ठरतो, त्यानं तोच अर्ज चालवू नये असा बार कौन्सिलचा नियम आहे. म्हणजे अर्जापुरता तरी दुसरा वकील लागेलच. हे कारण त्यांनाही पटेल आणि वकील बदलल्याचा कडूपणा बराच कमी होईल.

ते शपथपत्र द्यायला तयार झाले नाहीत, तर फाइल परत मागा आणि नवं वकीलपत्र द्या. फी थकली म्हणून वकिलाला फाइल अडवून ठेवता येत नाही, आर. डी. सक्सेना विरुद्ध बलराम प्रसाद शर्मा (२०००)मध्ये सर्वोच्च न्यायालयानं तसा हक्क नाकारला आहे. मागणी लेखी करा, साध्या दोन ओळी. बार कौन्सिल ऑफ महाराष्ट्र ॲण्ड गोवाकडे तक्रारीचा मार्ग आहे, पण आज तो उघडायची घाई नको. तक्रार केल्यानं दावा परत येत नाही आणि शपथपत्राची आशा मात्र जाते. खर्चाची काळजी असेल तर सिव्हिल लाइन्समध्ये जिल्हा न्यायालयाच्या आवारातच जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे जा. १९८७च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्याच्या कलम १२प्रमाणे स्त्रियांना मोफत वकील मिळण्यासाठी उत्पन्नाची अट नाही. फोनवर विचारायचं तर १५१००.

अर्ज दाखल झाला की काम संपत नाही. नियम ९(२)प्रमाणे प्रतिवादीला नोटीस बजावल्याशिवाय हुकूम होत नाही. प्रोसेस फी, म्हणजे नोटीस बजावण्याची फी, त्याच आठवड्यात भरा आणि प्रतिवादीचा पत्ता आजचा आहे का बघा, कारण तो २०१९चा आहे. प्रोसेस फी न भरल्यानं किंवा पेशी चुकल्यानं हा अर्जसुद्धा गैरहजेरीत खारीज होतो, मग अर्ज परत घ्यायला अर्ज. कायद्यानं तशी सोय आहे, पण त्या पायरीवर कोर्टाची सहानुभूती फारशी उरलेली नसते. समोरच्याचा ‘से’, म्हणजे लेखी म्हणणं, आला की युक्तिवाद, गरज पडली तर तुमची छोटी साक्ष आणि उलटतपासणी. अर्ज मंजूर करताना कोर्ट बहुधा खर्च लावतं. तो अमुक तारखेच्या आत भरायचा अशी अट असेल तर आदल्या दिवशीची वाट न बघता भरा आणि पावती फायलीला लावा. अट चुकली तर मंजूर झालेला अर्जही हातचा जातो. मुदत वाढवून मागता येते, पण दिवाणी प्रक्रिया संहितेचं कलम १४८ सहसा एकूण ३० दिवसांच्या वर जाऊ देत नाही.

सगळ्यात नाजूक गोष्ट पत्रात एका ओळीत उरकली आहे, ती मनाई हुकुमाची. निशाणी ५वरचा हुकूम दाव्याबरोबर संपला. आज मालकानं प्लॉट विकायचं ठरवलं तर त्याला अडवणारा कागद तुमच्याकडे नाही. दावा परत आल्यावर असा हुकूम सहसा आपोआप जिवंत होतो, कोर्टानं वेगळं म्हटलं नसेल तर. वरीद जेकब विरुद्ध सोसम्मा गीवर्गीस (२००४)मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या बहुमताचं तसं मत आहे. (निकालाआधीची जप्ती मात्र जिवंत होत नाही, ती नव्यानं मागावी लागते.) पण प्रश्न मधल्या दिवसांचा आहे. म्हणून रिस्टोरेशनच्या अर्जासोबत ‘जैसे थे’चा वेगळा अर्ज द्या, त्यावर त्याच दिवशी सुनावणी मागा आणि मुख्य विनंतीत मनाई हुकूम पूर्ववत करण्याची ओळ घाला. दुय्यम निबंधकाकडे दावा प्रलंबित असल्याची नोटीस नोंदवली होती का, तेही नव्या वकिलांना विचारा. आणि भाच्याला एक काम: प्लॉटचा सातबारा किंवा आखीव पत्रिका आणि दस्त नोंदणीचा शोध, दर पंधरवड्याला. मधे विक्री झालेली दिसली तर खरेदीदाराला दाव्यात आणण्याचा विचार करावा लागेल आणि तो जितका लवकर तितका बरा.

राहिला तुमच्या मुलाचा सल्ला. तो टाकाऊ नाही. आठवड्यातून दोनदा डायलिसिस सांभाळणाऱ्या घराला कोर्टाच्या पेशी जड जातात हे त्याला दिसतं. सोडायचं असेल तर सोडा, पण आज नाही. आज तडजोडीला बसलात तर मालकाच्या हातात खारिजीचा हुकूम आहे आणि तुमच्या हातात काही नाही. दावा फायलीवर परत आला की तो मध्यस्थीला पाठवायची विनंती करा. प्लॉट नाही तर दिलेली रक्कम व्याजासह परत, अशी पर्यायी मागणी मूळ दाव्यात आहे का बघा. नसेल तर करारपूर्तीच्या कायद्याच्या (स्पेसिफिक रिलीफ ॲक्ट) कलम २२खाली दुरुस्ती करून ती घालता येते. त्या बैठकीत मुलाला न्या. त्याला जे वाटतं ते तिथं उपयोगी पडेल.

पुढच्या पेशींसाठी ॲपमध्ये दावा ‘माय केसेस’मध्ये टाकून ठेवा आणि दर शनिवारी भाच्यानं नव्हे, तुम्ही स्वतः उघडा. डायलिसिसच्या वाराला तारीख आली तर त्याच दिवशी वकिलांना लेखी कळवा, म्हणजे तसा अर्ज देता येईल. पुराव्याचं शपथपत्र आत्ताच तयार करून ठेवा. दावा परत आल्यानंतरची पहिली पेशी तुमच्याच पुराव्याची असेल आणि त्या दिवशी तारीख मागणं शोभणार नाही.

आणि महालक्ष्म्यांचं म्हणाल तर यंदा त्या सप्टेंबरच्या पहिल्या दिवशी आहेत. जेवायला जा. मात्र फाइल त्याच्या आधी तुमच्या घरी आलेली असू द्या, म्हणजे पानावर बसल्यावर तो विषय काढायची वेळ कुणावरच येणार नाही.